बीटच्या आधी बोल

हिप हॉप जन्मलं डीजेच्या टेबलावर, हे आता सगळ्यांना पाठ आहे. पण माइक हातात आल्यावर बोलायचं काय, हे त्याला शिकवलं कवींनी. हार्लेमच्या त्या कवींची गोष्ट मराठवाड्यातल्या पोरापोरींनी जरूर ऐकावी, कारण तिचा एक धागा आपल्या विद्यापीठापर्यंत येऊन पोचतो.

परभणीहून जिंतूरकडे निघालं की वाटेत झरी गाव लागतं. तिथून रोज एसटीनं परभणीला कॉलेजला येणाऱ्या कुठल्याही दोस्ताचा एक इअरफोन मागून घ्या. डिव्हाइन असेल, एमसी स्टॅन असेल, नाहीतर एखादा अमेरिकन रॅपर. त्याला विचारा, रॅप सुरू कधी झालं? रील्स बघून बघून उत्तर तयार असतं : ११ ऑगस्ट १९७३, न्यूयॉर्क, ब्रॉंक्स.

उत्तर बरोबर आहे. १५२० सेजविक अव्हेन्यू या इमारतीच्या हॉलमध्ये त्या संध्याकाळी सिंडी कॅम्पबेल नावाच्या मुलीनं पार्टी ठेवली होती. शाळा उघडायच्या आधी नवे कपडे घ्यायला पैसे हवे होते, म्हणून तिकीट लावलं. मुलींना २५ सेंट, मुलांना ५०. गाणी वाजवायला तिचा भाऊ क्लाइव्ह होता, ज्याला जग डीजे कूल हर्क म्हणून ओळखतं. गाण्यातला नुसत्या तालाचा जो तुकडा असतो, ज्याला ‘ब्रेक’ म्हणतात, त्यावर पोरं सगळ्यात जास्त नाचतात, हे हर्कनं हेरलं. मग एकाच गाण्याच्या दोन तबकड्या घेऊन तो तुकडा लांबवत न्यायची युक्ती त्यानं काढली. हिप हॉपची बीट तिथून निघाली.

पण त्या पार्टीत माइकवर काय चाललं होतं? हर्कचा मित्र कोक ला रॉक दोस्तांची नावं पुकारायचा, नाचणाऱ्यांना चेव आणायचा. आपल्याकडं वरातीत बँडवाला ‘नवरदेवाच्या मामांकडून...’ म्हणून ओरडतो ना, साधारण तसं. त्यात मजा होती, यमकं होती, पण गोष्ट नव्हती. भाडं थकलंय, पोलीस दारात आलेत, भाऊ तुरुंगात आहे, हे सांगणारं लांबलचक, विचार करून रचलेलं कवन त्यात नव्हतं.

मग ते आलं कुठून?

एक नदी, अनेक ओढे

एकाच ठिकाणाहून आलं असं म्हणणं खोटं ठरेल. हर्क मूळचा जमैकाचा. तिथं साउंड सिस्टिमवर गाणं वाजत असताना त्याच्यावर बोलायची रीत होती, तिला ‘टोस्टिंग’ म्हणत. अमेरिकेतले कृष्णवर्णीय रेडिओ निवेदक यमकं जुळवत बोलायचे. गल्लीत पोरं एकमेकांची यमकात उणीदुणी काढायची. चर्चमध्ये प्रवचनकार आवाज चढवत न्यायचा आणि समोरची मंडळी त्याला दाद देत राहायची. हे सगळे ओढे त्या नदीला मिळाले.

त्यातला एक ओढा मात्र कवींचा होता. पार्टीची बडबड जेव्हा म्हणणं मांडू लागली, तेव्हा त्यामागं हे कवी होते.

१९६५ च्या फेब्रुवारीत माल्कम एक्सची न्यूयॉर्कमध्ये हत्या झाली. त्याच वर्षी कवी अमिरी बराका (तेव्हाचं नाव लेरॉय जोन्स) यांनी हार्लेममध्ये कृष्णवर्णीय कलावंतांसाठी नाट्य आणि काव्याचं केंद्र सुरू केलं. नाटक, जॅझ, कविता हे सगळं त्यांनी सभागृहातून रस्त्यावर आणलं. कविता पुस्तकात मिटून ठेवायची नाही, लोकांसमोर उभं राहून म्हणायची, असा आग्रह त्या पिढीत तयार झाला.

पुढं १९६८ च्या एप्रिलमध्ये मार्टिन ल्यूथर किंग यांनाही गोळी घालण्यात आली. दीड महिन्यानं, १९ मे १९६८ ला, माल्कम एक्सच्या जयंतीच्या दिवशी, हार्लेमच्या माउंट मॉरिस पार्कमध्ये तीन तरुण कवी लोकांसमोर उभे राहिले. गिलन केन, डेव्हिड नेल्सन आणि अबिओदुन ओयेवोले. हाच ‘द लास्ट पोएट्स’चा पहिला कार्यक्रम. नाव त्यांनी घेतलं दक्षिण आफ्रिकेतून परागंदा होऊन अमेरिकेत आलेल्या केओरापेत्से क्गोसित्सिले या कवीच्या एका कवितेवरून. बंदुकांचा काळ जवळ येतोय, तेव्हा आपणच शेवटचे कवी, असा त्यामागचा भाव.

१९७० मध्ये त्यांची पहिली तबकडी आली. तोवर माणसं बदलली होती. ओयेवोले, उमर बिन हसन आणि पुढं जलालुद्दीन नुरिद्दीन म्हणून ओळखला गेलेला तरुण असे तिघं बोलणारे, आणि सोबत हातानं वाजवायचे ढोल. गिटार नाही, पियानो नाही. एकानं ओळ टाकायची, बाकीच्यांनी ती उचलायची, मागं गुणगुणत राहायचं, मध्येच एखादा शब्द हाणायचा. आपल्या शाहिरामागं झीलकरी उभे असतात, त्यांचंच काम म्हणा ना. सूर जवळजवळ नाहीच. सगळी भिस्त लयीवर आणि शब्दावर.

त्याच वर्षी गिल स्कॉट-हेरन या २१ वर्षांच्या पोराचीही पहिली तबकडी आली. तिच्यातही ढोल आणि बोलणं. टीव्हीसमोर बसून क्रांती बघता येणार नाही, असं सुनावणारी त्याची रचना आजही जगभरच्या मोर्चांमध्ये फिरते. हा पोरगा लिंकन विद्यापीठात शिकायला गेला, तो त्याचा आवडता कवी लँग्स्टन ह्यूज तिथंच शिकला होता म्हणून. पुढं लोक त्याला रॅपचा बाप म्हणायला लागले, तर ते त्याला फारसं आवडायचं नाही. त्यानं स्वतःसाठी वेगळाच शब्द काढला होता : ‘ब्लूजॉलॉजिस्ट’.

अमेरिकेच्या दुसऱ्या टोकाला, लॉस एंजेलिसच्या वॉट्स भागात, १९६५ च्या उद्रेकानंतर लेखनाची एक कार्यशाळा सुरू झाली होती. तिच्यातून ‘वॉट्स प्रॉफेट्स’ हे कवी पुढं आले. १९७१ च्या त्यांच्या तबकडीच्या नावातच ‘रॅपिन’ हा शब्द आहे. हर्कच्या पार्टीच्या दोन वर्षं आधी! तेव्हा त्या बोलीत ‘रॅप’ म्हणजे नुसतं बोलणं, मनापासून आणि ठासून बोलणं.

आणि हे सगळं पुरुषांचंच काम होतं असं समजू नका. निक्की जोव्हानी या कवयित्रीनं १९७१ मध्ये चर्चच्या गायकवृंदाला सोबत घेऊन आपल्या कवितांची तबकडी काढली.

हे बोल ब्रॉंक्सच्या पोरांपर्यंत पोचले कसे? तबकड्यांमधून. १९७३ मध्ये लास्ट पोएट्समधल्या जलालनं ‘लाइटनिंग रॉड’ या नावानं ‘हसलर्स कन्व्हेन्शन’ काढली. जुगाऱ्यांची, गल्लीतल्या उचापतखोरांची एक लांब यमकबद्ध कथा, मागं फंक संगीत. ब्रॉंक्सच्या पहिल्या पिढीतल्या कितीतरी रॅपरांनी नंतर सांगितलं, की ही तबकडी आम्हाला तोंडपाठ होती. १९७९ मध्ये ‘रॅपर्स डिलाइट’ गाजलं तेव्हाही रॅपला लोक मौजमजेचंच गाणं मानत होते. १९८२ च्या ‘द मेसेज’नं वस्तीचं जगणं समोर मांडलं, आणि कवींनी १२ वर्षांपूर्वी जे सुरू केलं होतं, ते बीटवर चढून परत आलं.

शब्द उसना घेतला, अर्थ उलटा झाला

गोष्ट इथं संपली असती तर छान वाटलं असतं. पण संपत नाही.

पहिल्या तबकडीतल्या एका कवितेत ओयेवोलेनं आपल्याच लोकांना चपराक लगावली होती. लढायची वेळ येईल तेव्हा येईल, तोवर तुम्ही नाचगाण्यात गुंतून राहाल, असा तिचा सूर. तिच्या शेवटचे दोन-तीन शब्द घेऊन १९९३ मध्ये एका नव्या रॅपरनं आपल्या पहिल्याच गाण्याचं धृपद केलं. तो रॅपर म्हणजे नोटोरियस बी.आय.जी. गाणं जोरात चाललं. पण त्यात ते शब्द चपराक राहिले नाहीत, तीच पार्टीची हाक झाली. ज्या गोष्टीवर कवी चिडला होता, तिचंच ते गाणं झालं.

२०१६ मध्ये ओयेवोले कोर्टात गेला. २०१८ मध्ये कोर्टानं दावा फेटाळला. कारण काय, तर नव्या गाण्यानं त्या शब्दांचा हेतूच बदलून टाकलाय, म्हणून तो वापर योग्य ठरतो. गंमत बघा, कवीची तक्रार नेमकी हीच होती.

कायद्याच्या नजरेनं कोर्ट बरोबर असेलही. पण आपण ऐकणाऱ्यांनी यातून एक गोष्ट ध्यानात घ्यावी. बीट पुढं जाते, फ्लो पुढं जातो, कपडे आणि साखळ्या तर सगळ्यात आधी पुढं जातात. मागं राहतं ते म्हणणं. आज रॅपच्या नावाखाली गाड्या, बंदुका आणि आयाबहिणींवरून शिव्या एवढंच ऐकू येत असेल, तर ही कला मुळात कशासाठी उभी राहिली होती, हे विचारायचा हक्क आपल्याला आहे.

धागा मराठवाड्यात येतो

आता इकडं या. १९७२. हर्कच्या पार्टीच्या आदल्या वर्षी मुंबईत दलित पँथर उभी राहिली. नामदेव ढसाळ, राजा ढाले, ज. वि. पवार ही तेव्हा तरुण कवी-लेखक मंडळी. संघटनेचं नाव अमेरिकेतल्या ब्लॅक पँथर पार्टीवरून घेतलेलं. ढसाळांचा ‘गोलपिठा’ त्याच वर्षी आला, विजय तेंडुलकरांच्या प्रस्तावनेसह. गल्लीची भाषा जशीच्या तशी कवितेत आली, आणि मध्यमवर्गीय वाचकाला शब्दांचे अर्थ विचारत फिरायची पाळी आली. हार्लेममध्येही हेच घडत होतं. प्रमाण भाषेची परवानगी न मागता बोलणं.

ही ओळख मुंबईतच झाली असं मात्र नाही. औरंगाबादच्या (आताचं छत्रपती संभाजीनगर) मिलिंद महाविद्यालयात डॉ. म. ना. वानखेडे होते. अमेरिकेत शिकून आलेल्या वानखेडेंनी तिथल्या कृष्णवर्णीय साहित्याची चर्चा इथं आणली. डॉ. गंगाधर पानतावणे यांचं ‘अस्मितादर्श’ त्याच शहरातून निघायचं, आणि दलित लेखकांच्या कित्येक पिढ्या त्यात लिहित्या झाल्या. लातूरचे डॉ. जनार्दन वाघमारे यांनी कृष्णवर्णीय अमेरिकन साहित्यावर मराठीतून लिहिलं. हे वाघमारे सर कोण, तर नांदेडच्या स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठाचे पहिले कुलगुरू. म्हणजे झरी-परभणीच्या पोरांच्या मार्कलिस्टवर ज्या विद्यापीठाचं नाव छापलेलं असतं, त्याचेच!

एक फरक मात्र सांगायलाच हवा. हार्लेमचा प्रभाव आपल्याकडं आला तो पुस्तकांतून आणि मासिकांतून. कानावाटे तो फारसा आला नाही. लोकांसमोर उभं राहून तालावर बोलायची कला आपल्याला अमेरिकेकडून घ्यायची गरजही नव्हती. ती घरातच होती.

आपले ढोल, आपले बोल

महात्मा फुल्यांच्या सत्यशोधक समाजाच्या विचारातून सत्यशोधक जलसे निघाले. तमाशाचा साचा घेतला आणि त्यात विचार भरला. १९३० च्या दशकात नाशिककडच्या भीमराव कर्डकांनी आंबेडकरी जलसा गावोगाव नेला. आपली दहा भाषणं आणि कर्डकांचा एक जलसा बरोबरीचाच, असं खुद्द बाबासाहेब म्हणाल्याचं जुनी माणसं आजही सांगतात. १९४४ मध्ये अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि गवाणकर यांनी लाल बावटा कलापथक काढलं आणि गिरणगावचा कामगार त्यांच्या डफावर गोळा झाला. वामनदादा कर्डक मोठेपणी अक्षरं शिकले आणि पुढं हजारो गाणी लिहून गेले. १४ एप्रिलला डीजेवर वाजणाऱ्या गाण्यांतली किती वामनदादांची असतात, एकदा मोजून बघा.

रॅपमधली जवळपास प्रत्येक गोष्ट या घरात वेगळ्या नावानं सापडते. बॅटल हवी? कलगी-तुऱ्याचे सवाल-जवाब आहेत. एका फडानं कोडं घालायचं, दुसऱ्यानं तिथल्या तिथं कवनातून सोडवायचं, हरला तर अख्ख्या गावासमोर. श्वास न सोडता यमकांची माळ ओढत नेणारा फास्ट फ्लो हवा? त्याला मराठीत ‘कटाव’ म्हणतात, आणि त्यासाठी नावाजलेले अमृतराय हे अठराव्या शतकातले कवी औरंगाबादचे. बीट हवी? हलगी आहे, संबळ आहे.

आणि ही सगळी वाद्यं बाजूला ठेवली तरी जातं आहेच. पहाटेच्या अंधारात जात्याच्या घरघरीवर बायकांनी ओवी म्हटली, ती कागदासाठी नव्हतीच. सासरचा जाच, भावाची वाट, विठ्ठलाशी भांडण, सगळं त्यात. संत जनाबाईंचं गंगाखेड आपल्याच जिल्ह्यात आहे. हेमा राईरकर आणि गी पॉइटवँ यांनी महाराष्ट्रभर फिरून एक लाखाहून जास्त जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. गावागावांतल्या बायकांनी रचलेलं एवढं मोठं तोंडी काव्य जगात फार कमी ठिकाणी एका जागी जमा झालं असेल.

आता कुणी म्हणेल, म्हणजे रॅप आपणच शोधलं! नाही बाबा. ब्रॉंक्सच्या पोरांनी ना कटाव ऐकला होता ना ओवी. हिप हॉप त्यांच्या दुःखातून आणि त्यांच्या कवींतून आलं, त्याचं श्रेय त्यांचंच. साम्य आहे ते एवढंच, की ज्यांचं म्हणणं पेपरात छापून येत नव्हतं, ती माणसं दोन्हीकडं ताल धरून बोलायला उभी राहिली.

बोलण्याची किंमत

‘गली बॉय’ २०१९ मध्ये आला आणि गावागावात रॅपर तयार झाले. त्याच वर्षी मुंबईच्या ‘स्वदेसी’ या गटानं प्रकाश भोईर यांना सोबत घेऊन आरेच्या जंगलातल्या वारली पाड्यांचा प्रश्न गाण्यात मांडला. ‘स्वदेसी’चा एमसी मवाली मराठीतून रॅप करतो. त्याच गटातला एमसी तोडफोड २०२२ मध्ये अवघ्या २४ व्या वर्षी गेला.

आणि किंमत? २०२३ च्या एप्रिलमध्ये राज्यातल्या राजकारणावर रॅप केलं म्हणून महाराष्ट्रात दोन तरुण रॅपरांवर गुन्हे दाखल झाले. त्यातला एक मराठवाड्यातला. ते रॅप कुणाला पटेल, कुणाला पटणार नाही. पण बीटवर बसवलेल्या चार ओळींची एवढी दखल घेतली जाते, याचा अर्थ शब्दात अजून दम आहे. चैतन्य ताम्हाणे यांचा ‘कोर्ट’ बघितला नसेल तर बघा. एका लोकशाहिरावर त्याच्या गाण्यासाठी खटला चालतो, एवढीच गोष्ट. ती भूमिका करणारे वीरा साथीदार स्वतः चळवळीतले होते. २०२१ मध्ये कोरोनानं ते गेले.

बीट बंद करून बघा

तर मग रूमवर बसून यूट्यूबवरची फ्री बीट लावून लिहिणाऱ्या दोस्तांनो आणि मैत्रिणींनो, एक साधी चाचणी. लिहून झालं की बीट बंद करा. दोन-तीन मित्रांना समोर बसवा आणि नुसतं म्हणून दाखवा. ते ऐकत राहिले तर तुमच्याकडं काहीतरी आहे. मोबाइल काढून बसले तर बीटनं तुम्हाला सांभाळून घेतलं होतं. लास्ट पोएट्सकडं लपायला ढोलाशिवाय काहीच नव्हतं.

दुसरं, भाषा. ‘करायलाव’, ‘जायलाव’ म्हणत मोठं व्हायचं आणि माइक हातात आला की मुंबईची हिंदी बोलायची, हे कशासाठी? ढसाळांनी कुणाला शब्दार्थ दिले नाहीत. आपल्या बोलीतला ठेका आपल्याच जिभेवर बसतो, त्याची नक्कल दुसऱ्याला जमणार नाही.

तिसरं, विषय. सोयाबीनचा भाव, पुढं ढकललेली भरती, पुण्याला गेलेल्या भावाची कॉट बेसिसची खोली, बहिणीचं शिक्षण मध्येच थांबवून ठरलेलं लग्न. हे सगळं आपल्या डोळ्यांसमोर असताना न बघितलेल्या बंदुकीवर कशाला लिहायचं? आजी असेल तर तिला एक ओवी म्हणायला सांगा आणि रेकॉर्ड करून ठेवा. फुकटातली शिकवणी आहे.

आणि जागा? ती शोधावी लागत नाही. कॉलेजचं गॅदरिंग आहे, विद्यापीठाचा युवक महोत्सव आहे, जयंतीचा मंडप आहे. परभणी तर कविता कान देऊन ऐकणारं गाव आहे. इंद्रजित भालेराव शेतकऱ्याच्या कविता म्हणायला उभे राहिले की पुस्तक कधी हातात न घेतलेली माणसंही हलत नाहीत. तेही बीटशिवाय.

जाता जाता, ज्यांच्या कवितेवरून ‘शेवटचे कवी’ हे नाव आलं, त्या क्गोसित्सिलेंची गोष्ट राहिली. वर्णभेदी राजवट संपल्यावर २००६ मध्ये दक्षिण आफ्रिकेनं त्यांना राष्ट्रकवी केलं. २०१८ मध्ये ते वारले. त्यांचा मुलगा लॉस एंजेलिसमध्ये वाढला, आणि तो काय करतो माहितेय? रॅप. जग त्याला अर्ल स्वेटशर्ट म्हणून ओळखतं. बंदुकांचा काळ आला आणि गेलाही, पण शेवटचा कवी काही अजून जन्माला आलेला नाही.